मोअरमधलं पाणकणीस

मोअरमधलं ते डबकं शेजारच्या शेतकऱ्यामुळे नासलं नाही. ते मी नासवलं. हे मी आजवर कोणालाही सांगितलेलं नाही, बायकोलाही नाही. तिला अर्धं माहीत आहे, आणि जे अर्धं माहीत नाही तेच खरं वाईट आहे.

मी मुळात कमी बोलणारा. लोक त्याला शांत स्वभाव म्हणतात. मीही म्हणू देतो. न बोलण्याचा फायदा किती वेळा घेतला हे ज्याचं त्याला माहीत असतं.

आम्ही आधी इंगोलश्टाटला होतो. तिथे गाड्यांच्या कामात आपली पुष्कळ मंडळी, त्यामुळे गणपती, कोजागिरी, डोहाळजेवण, सगळं रीतसर व्हायचं. मग मी शेतीची यंत्रं बनवणाऱ्या एका कंपनीत आलो, उत्तरेला, डच सरहद्दीपासून फार लांब नाही अशा एका छोट्या गावात. इथे मराठी घर आमचं एकच. गणपतीला माणसांत जायचं म्हटलं तर ड्युसेलडॉर्फ गाठायचं, दोन-तीन तास गाडी हाकत. पहिल्या वर्षी गेलो, नंतर कंटाळा केला.

गावाबाहेर मोअर आहे. मोअर म्हणजे दलदल असं मी धरून चाललो होतो. दलदल म्हणजे पाय रुततो तो चिखल, डास, आणि जायचं नाही अशी जागा. पण हे वेगळं निघालं. सगळा मुलूख पोळपाटासारखा सपाट आणि त्यात हे मोअर तव्यावरच्या भाकरीसारखं मधे किंचित फुगलेलं. आजूबाजूच्या शेतांपेक्षा ते उंच आहे. डोळ्यांना कळत नाही, पण आहे. ही गोष्ट लक्षात ठेवावी, पुढे तिच्यावरच सगळं येतं.

ते फुगलंय शेवाळाने. टॉर्फमोस म्हणतात इथे. हे शेवाळ वर वाढतं आणि खाली मरतं, पण कुजत नाही. पाणी आंबट आणि आत हवा नाही, त्यामुळे मेलेलं सगळं जसंच्या तसं साचत जातं, वर्षाला जेमतेम मिलिमीटरभर. अशी हजारो वर्षं साचून जो काळा थर झाला तो टॉर्फ. जुन्या काळी लोक तो विटांसारखा कापून चुलीत जाळायचे. या मोअरला नदी नाही, झरा नाही. वरून पडेल तेवढं पावसाचं पाणी, बाकी काही नाही. म्हणून ते कायम उपाशी असतं, आणि उपाशी असणं हीच त्याची तब्येत. दवबिंदू नावाचं नखाएवढं लाल झाड तिथे किडे धरून खातं, कारण जमिनीतून त्याला काहीच मिळत नाही. अशा ठिकाणी खत पडलं, चुना पडला, की शेवाळ मरतं आणि भलतंच काहीतरी माजतं.

हे सगळं मला नंतर कळलं. पण किती नंतर, तेही सांगायला हवं.

इथे आल्याच्या दुसऱ्या वर्षी आई आली. व्हिसा तीन महिन्यांचा, म्हणून आम्ही तिचं येणं मुद्दाम गणपतीत बसवलं. येताना तिने बॅगेत शाडूची माती आणली, खडूची भुकटी आणली आणि रांगोळी आणली, दोन किलोची पिशवी. विमानतळावर तिला विचारलं असतं तर काय सांगितलं असतं कोण जाणे. गणपती ती स्वतः करायची, वीतभर उंचीचा, हाताने, साच्याशिवाय. वर खडूचा हात द्यायची, डोळे काळे, बाकी काही रंग नाही. आमच्याकडे दीड दिवसाचा.

विसर्जनाच्या दिवशी बायकोने नेहमीप्रमाणे बादली काढली. इंगोलश्टाटला सगळे बादलीतच करायचे. आई बादलीकडे बघत राहिली.

"ही कशाला?"

"आई, इथे नदीत सोडता येत नाही. नियम आहे."

"बादलीत फडकी भिजवतात." तिने पदर खोचला. "आपला गणपती कृष्णेत जायचा. नदी नाही तर नाही, साधं तळंसुद्धा नाही का तुमच्या या गावात?"

बायको माझ्याकडे बघून म्हणाली, "आता तूच काय ते ठरव." तिचा अर्थ होता, आईला तूच समजाव. मी सोयीचा अर्थ घेतला.

मोअरमध्ये पायवाटेपासून थोडं आत एक डबकं होतं. जुन्या काळी टॉर्फ कापला त्याचा खड्डा, दोन बाजा शेजारी शेजारी टाकल्या तर मावतील एवढा, काठोकाठ काळं पाणी, कडेने लाल-हिरवं शेवाळ गादीसारखं. मी फिरायला जायचो तेव्हा बघितलेलं. आई, मी आणि मुलगी असे तिघं गेलो. पाट माझ्या हातात, मुलीच्या हातात टाळ.

वाटेवर पाटी होती. आईने विचारलं, "काय लिहिलंय?"

पाटीवर लिहिलं होतं की हा राखीव भाग आहे, वाट सोडू नका, आत काही आणू नका, इथून काही नेऊ नका.

"कुत्र्याला साखळी लावा म्हणतात," मी म्हणालो.

मुलगी तेव्हा आठ वर्षांची. तिला मराठी सगळं कळायचं, वाचता जर्मन यायचं. ती पाटीकडे बघून मला म्हणाली, "पापा, दार्फ मान दास?" असं चालतं का, असा तिचा प्रश्न. मी म्हटलं, "घरची गोष्ट आहे बेटा, शाळेत बोलायची नाही." ती बोलली नाही. आज एकोणीस वर्षांची आहे, अजून बोललेली नाही. माझ्याकडून ती हे शिकली.

डबक्याच्या काठावर आईने चार बोटांनी शेवाळ दाबून जागा सपाट केली आणि रांगोळी घातली. काळ्या ओल्या टॉर्फवर पांढरी रेघ इतकी ठसठशीत उमटली की तीच म्हणाली, "बघ, शेणाच्या सारवणावरसुद्धा अशी दिसत नाही." आरती झाली. पंचामृत पाण्यात सोडलं, फुलं, पत्री, विडा, नारळ सोडला. मग गणपती तीनदा खाली-वर करून सोडला. पुढच्या वर्षी लवकर या, हे आम्ही हळू आवाजात म्हणालो, दुरून कोणी सायकलवरून जात होतं म्हणून. मूर्ती पाण्यात पांढरट ढग सोडत दिसेनाशी झाली. घाटावरून पाटावर वाळू आणतात तसं आईने मूठभर शेवाळ पाटावर ठेवून घरी आणलं. ते देव्हाऱ्यात कित्येक आठवडे ओलं राहिलं.

"चांगली जागा मिळाली देवाला," परतताना ती म्हणाली. "गर्दी नाही, गोंगाट नाही."

मोअरला लागून एकाच शेतकऱ्याचं शेत होतं. गाईंचा धंदा. उंच, किंचित वाकलेला, माझ्यापेक्षा पंधरा-वीस वर्षांनी मोठा. आम्ही दूध त्याच्याकडूनच आणायचो, किटली घेऊन. आईला जर्मनचा एक शब्द येत नव्हता आणि त्याला दुसरी कुठली भाषा येत नव्हती, पण दोघं गोठ्याच्या दाराशी पंधरा पंधरा मिनिटं बोलत उभी राहायची. ती त्याला दूधवाले भाऊ म्हणायची. तो तिला ओमा, म्हणजे आजी, म्हणायचा, आमच्या मुलीचं ऐकून. एकदा गाय व्यायली ते आईने बघितलं आणि मला हाताला धरून नेलं. "त्याला विचार, चिकाचं काय करतो."

मी विचारलं. तो म्हणाला, वासराला पाजतो, उरतं ते टाकतो.

"टाकतो?" आईने कपाळाला हात लावला. "सांग त्याला, वासराचं पोट भरू दे. उरेल ते मला."

दुसऱ्या दिवशी त्याने किटलीभर चीक आणून दिला. आईने गूळ-वेलदोडा घालून खरवस केला आणि त्याच्याच किटलीत वड्या घालून परत पाठवला, भांडं रिकामं परत करायचं नाही म्हणून. त्याने दारातच उभ्या उभ्या दोन वड्या खाल्ल्या, तिसरी हातात धरून बराच वेळ बघितली आणि म्हणाला, "सत्तर वर्षं आमच्या घरात गाई आहेत. हे कोणी सांगितलं नाही आम्हाला."

नंतरच्या वर्षीही आई आली, त्याच्या नंतरच्याही. पंचामृतातलं दूध त्याच्याच गाईचं असायचं.

आता ते "नंतर कळलं" किती नंतर, ते सांगतो. पहिलं विसर्जन झालं त्या हिवाळ्यात मी मोअर वाचवणाऱ्या गावातल्या फेराइनमध्ये गेलो. फेराइन म्हणजे मंडळ. खरं सांगायचं तर शनिवार जात नव्हते. निवृत्त शिक्षिका होत्या एक, जीवशास्त्राच्या, त्या सगळं चालवायच्या. अर्ध्या गावाला त्यांनी शिकवलेलं, आणि बोलायच्याही वर्गात बोलल्यासारखं. आम्ही दहा-बारा जण रबरी बूट घालून बर्चची रोपं उपटायचो. बर्च पाणी ओढतो, मोअर कोरडं पडतं. जुन्या चरांमध्ये फळ्या ठोकून पाणी अडवायचो. मला ते काम आवडलं. इथे आल्यापासून पहिल्यांदा कोणी मला पुढच्या शनिवारी येतोस ना असं विचारत होतं.

पहिल्याच महिन्यात बाईंनी एक मूठ शेवाळ पिळून दाखवलं, स्पंजासारखं पाणी गळलं. म्हणाल्या, "याला उपासमार सोसते, मेजवानी सोसत नाही. मूठभर चुना टाक, हे मेलं."

रांगोळी म्हणजे दगडाची पूड. बहुतेक चुनखडीच. मला तिथल्या तिथे कळलं. माझ्या हातातून पाणी गळत होतं आणि मला पाटावरचं ते शेवाळ आठवलं. घरी येऊन मी ठरवलं, पुढच्या वर्षी बादली.

पुढच्या वर्षी आईला म्हटलं, "यंदा बादलीत करू या का? तिथलं पाणी जरा नाजूक आहे म्हणतात."

ती हसली. "देवाने पाणी नासतं का रे कधी?"

यावर उत्तर होतं. मी शनिवारी चौदा वर्षांच्या पोरांना तेच उत्तर समजावून सांगायचो, शाळेच्या सहली यायच्या तेव्हा. आईला सांगितलं नाही. तिला वाईट वाटू नये म्हणून, असं मी स्वतःला म्हणायचो. तीन वर्षं ती आली, तीन वेळा आम्ही गेलो. चौथ्या वर्षी तिला प्रवास झेपत नव्हता. मी एकटा गेलो, फोन काठावर टेकवून ठेवला, ती मिरजेहून बघत होती.

"रांगोळी?" तिने विचारलं.

पिशवीत तळाशी उरली होती ती सगळी घातली. माझा हात चांगला नाही. रेघा जाड पडल्या.

ती डिसेंबरमध्ये गेली. मी जाऊन आलो, भावाने सगळं केलं होतं. परत आल्यावर एका दुपारी बेल वाजली. दारात शेतकरी उभा, टोपी हातात. दूध आणायला गेली तेव्हा बायकोने त्याला सांगितलं असणार. तो आत आला, आईच्या फोटोसमोर खुर्चीवर बसला, चहा घेतला. दहा मिनिटांत एकच वाक्य बोलला, "ती हसायची तेव्हा गाई वळून बघायच्या." मग उठून गेला.

तो त्याच वेळी फेराइनसाठी एक मोठी गोष्ट करणार होता. त्याच्या शेताच्या कडेने एक खोल चर होता, ग्राबन, त्याच्या आजोबांनी खणलेला. मोअरचं पाणी त्यातून खाली वाहून जायचं. आम्ही आत कितीही फळ्या ठोकल्या तरी तो चर उघडा होता तोवर मोअर गळक्या माठासारखं. तो बुजवला तर त्याच्या कुरणाची एक पट्टी कायमची ओली होणार होती, ट्रॅक्टर जाणार नव्हता. बाई पाच वर्षं त्याच्या मागे होत्या. शेवटी तो म्हणाला होता, "आजोबांनी खणला, मी बुजवतो. पुरे झालं." हातावर हात मारून सांगितलं. कागद वसंतात व्हायचे होते.

फेब्रुवारीत बाईंना डबक्यात पाणकणीस दिसलं.

तपकिरी कणसाचं ते उंच गवत गटाराच्या कडेला सुंदर दिसतं. मोअरच्या डबक्यात ते दिसलं की समजायचं, पाण्यात अन्न आलं. मागच्या उन्हाळ्याची वाळलेली कणसं होती सात-आठ. काठावर आईने सपाट केलेल्या जागी शेवाळ गेलं होतं आणि अंगाला लागलं की आग होते ती ब्रेननेसेल उगवून, वाळून पडली होती. बाईंनी मला फोन केला, कारण पाणी मोजायचं काम माझं. क्षार सांगणारं मीटर मी कंपनीतून जुनं म्हणून आणलं होतं.

मी मोजलं. डबक्यातला आकडा नेहमीपेक्षा कितीतरी वर. मग शेताकडच्या बाजूला, डबकं आणि शेत यांच्या मधे, आणखी तीन खड्डे आहेत, तेही मोजले. शेतातून काही आलं असतं तर आधी त्यांत दिसलं असतं. तिन्ही स्वच्छ होते. पावसाच्या पाण्यासारखे. मी चारही आकडे वहीत लिहिले. ती वही माझ्याकडे आहे.

सभा अग्निशामक दलाच्या हॉलमध्ये झाली. वीसेक माणसं, बिअरच्या बाटल्या, लांडक्राइसच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, कचेरीतून आलेल्या एक अधिकारी. मी स्लाइड केली होती. त्यात डबक्याचा आकडा होता. बाकीचे तीन नव्हते.

शिक्षिकाबाई उभ्या राहिल्या. "पाणकणीस म्हणजे खत. खत म्हणजे शेत. मी कोणाचं नाव घेत नाही."

"नाव घ्यायची गरजच नाही," शेतकरी मागून म्हणाला. "शेत एकच आहे." लोक हसले. "पण बाई, तुम्हीच आम्हाला शिकवलंत, मोअर शेतापेक्षा उंच असतं. पाणी चढण चढायला कधी लागलं?"

पुन्हा हसू झालं, या वेळी मोठं. बाईंचा चेहरा लाल झाला. त्या माझ्याकडे वळल्या. "तू इंजिनिअर आहेस. तू मोजलंस. शेतातून येऊ शकतं की नाही?"

मला तेव्हा "नाही" म्हणता आलं असतं. एवढंच म्हणायचं होतं, नाही. कुठून आलं ते पुढे कोणी विचारलं असतं तर तेव्हाचं तेव्हा. पण मला ते पुढचंच दिसत होतं. वीस माणसं माझ्याकडे बघतायत, आणि मी सांगतोय की आम्ही इथे देव बुडवतो. पाटी वाचून, चार वर्षं, फेराइनचे बूट घालून.

मी म्हणालो, "वारा असेल तेव्हा शेतात टाकलेल्या चुन्याची धूळ उडून येण्याची शक्यता नाकारता येत नाही."

आमच्या कामात हे वाक्य रोज वापरतात. चाचणीत काही बिघडलं आणि कारण सापडलं नाही की अहवालात लिहायचं. ते खोटं नसतं. ज्याला कारण माहीत नाही त्याच्या तोंडी ते प्रामाणिकच असतं. मला कारण माहीत होतं.

शेतकऱ्याने माझ्याकडे बघितलं, रागाने नाही, विचार करत. "आल्झो," बरं तर, असं तो म्हणाला, "तू म्हणतोस तर असेल." त्याने टोपी उचलली. दाराशी थांबून बाईंना म्हणाला, "माझ्या चुन्याच्या हातांनी तुमचा ग्राबन बुजवायला नको मग." आणि गेला.

आईचं नाव त्या हॉलमध्ये यायला नको होतं, तिची रांगोळी त्यांच्या भाषेत प्रदूषण म्हणून नोंदली जायला नको होती, असं कारण मी पुढे बरीच वर्षं स्वतःला दिलं. आता मोकळेपणाने लिहितोय तर हेही लिहितो, आईचं कारण मी घरी परतताना गाडीत शोधलं. त्या क्षणी मला आई आठवलीच नव्हती. फक्त लाज वाटली होती, स्वतःसाठी.

कागद झाले नाहीत. इतिवृत्तात माझं वाक्य जसंच्या तसं छापलं गेलं. बेकरीत, चर्चच्या पटांगणात लोक अर्धवट बोलायचे आणि तो आला की थांबायचे. दूध देणं त्याने आम्हाला बंद केलं नाही. मीच सुपरमार्केटमधून आणायला लागलो. बायकोने विचारलं तर म्हणालो, लांब पडतं.

पुढचे दोन उन्हाळे कोरडे गेले. ग्राबन वाहत राहिला. त्या बाजूचं शेवाळ पांढरं पडलं, हातात घेतलं की पापडासारखं मोडायचं. मग बर्च आले. आम्ही शनिवारी उपटायचो, पुढच्या वर्षी दुप्पट. दवबिंदू त्या भागात आता सापडत नाही. बाई अजून येतात, काठी टेकत. बर्चचं रोप हातात धरून कधीकधी शेताकडे बघून मान हलवतात. मी शेजारी उभा असतो.

मधे एकदा ठरलं की डबक्यातलं पाणकणीस मुळासकट काढायचं. मी म्हटलं, ते मी एकटा करतो. सगळ्यांना कौतुक वाटलं. छातीपर्यंतचे रबरी कपडे घालून मी उतरलो आणि मुळांत हात घातला, तर हाताला गोल काहीतरी लागलं. सुपारी. मग नारळ, अख्खा. मग विड्याचं पान, काळं पडलेलं पण शिरा न् शिरा शाबूत. मोअरमध्ये काही कुजत नाही हे मी इतक्या लोकांना समजावलं होतं. गणपती तेवढा विरघळला होता, तळाशी पांढरट गाळ होऊन. बाकी सगळं आईने ठेवलं तसं होतं.

काठावरून बाईंनी हाक मारली, "काही सापडलं का?"

"नाही," मी म्हणालो. सुपारी खिशात घातली, नारळ आणि पान मुळांच्या ढिगात दाबलं. निदान या वेळी "शक्यता नाकारता येत नाही" असं म्हणालो नाही, सरळ खोटं बोललो. सुपारी माझ्या टेबलाच्या खणात आहे. त्या सभेनंतर विसर्जन बादलीतच करतो. बायकोला वाटतं मला उशिरा अक्कल आली.

मागच्या आठवड्यात बेकरीत तो भेटला. गोठा आता पुतण्या बघतो, तो मागच्या छोट्या घरात राहतो. त्याने मला बाजूला घेतलं.

"तुला एक सांगायचं राहिलं होतं," तो म्हणाला. "त्या सभेत बाकीच्यांनी मला चोरच ठरवला. तू एकटा नीट बोललास. शक्यता म्हणालास, त्याच्या पुढे गेलास नाहीस. ओमाचा मुलगा, मी म्हटलं घरी."

माझ्या हातात ब्रेडची पिशवी होती. मी म्हणालो, "जा, गेनाऊ." अगदी बरोबर, असं मी म्हणालो.

"आणि ते पिवळं, तिने केलं होतं ते. तुझी बायको करते का?"

"करते."

काल सकाळी तो स्वतः किटली घेऊन आला. जुनीच, कानाशी पोचा असलेली. काल दुपारी खरवस झाला. वड्या डब्यात आहेत, किटली धुऊन ओट्यावर उपडी ठेवली आहे. बायको सकाळपासून दोनदा म्हणाली, "अरे, गरम नाही तर नाही, ताजा तरी असू दे. देऊन ये ना." हे लिहून झाल्याशिवाय जायचं नाही असं मी ठरवलं आहे, म्हणजे तिथे जाऊन गप्प बसायला जागा उरू नये. आधी तिला वाचायला देणार.

त्या माणसाचं मी जे देणं लागतो ते एवढंच आहे. त्याच्या स्वयंपाकघरात त्याच्यासमोर बसून, त्याच्या भाषेत सांगायचं की तुझ्या चुन्याने काही झालं नाही, ते मी केलं, मला सभेतच माहीत होतं, आणि ही ती वही. मग तेच, त्याच हॉलमध्ये उभं राहून, बाईंसमोर आणि सगळ्यांसमोर, इतिवृत्तात लिहिलं जाईल अशा आवाजात. त्यानंतर तो ग्राबन बुजवेल की नाही हे त्याने ठरवायचं, मी मागायचं नाही. यातलं अजून मी काहीही दिलेलं नाही.